झोपलेले हृदय, धावते हृदय

१/
निरोगी प्रौढ माणसाचे हृदय मिनिटाला सुमारे ५ लिटर रक्त पुढे ढकलते, हे वाक्य शाळेच्या पुस्तकापासून वैद्यकाच्या जाडजूड ग्रंथांपर्यंत सर्वत्र भेटते. आकडा खोटा नाही. मात्र तो कोणाचा, हे त्या वाक्यात बहुधा लिहिलेले नसते. तो स्वस्थ पडून असलेल्या माणसाचा आकडा आहे. तोच माणूस जीव तोडून धावू लागला, तर ५ चे २० होतात. मुरलेल्या लांब पल्ल्याच्या धावपटूंत तर ३५ लिटरांपर्यंतच्या नोंदी आहेत.

जुना कागद हाती आला की इतिहासाचा वाचक आधी विचारतो : कोणी लिहिला, कधी, कोणत्या परिस्थितीत? हृदयाविषयीच्या आकड्यांना हा प्रश्न वैद्यकाने फार उशिरा विचारला. तो नीट विचारता येऊ लागला, त्यात श्राव्यातीत ध्वनीचा, म्हणजे घरोघरी ‘सोनोग्राफी’ या नावाने ठाऊक असलेल्या अल्ट्रासाऊंडचा, वाटा मोठा आहे. हा धागा त्या उशिराविषयी आहे.

२/
या विषयाचा इतिहास एका ठरावीक साच्यात सांगितला जातो. १८४२ मध्ये प्राग येथे ख्रिस्तियान डॉप्लरने मांडले की उगम हलता असेल तर त्याच्या लहरींची वारंवारता बदललेली भासते. १८४५ मध्ये बाइस बॅलटने हॉलंडात आगगाडीवर तुतारी वाजवणारे वादक चढवून ते कानांनी पडताळले. १९५३ मध्ये स्वीडनमधील लुंड येथे इंगे एडलर आणि हेलमुट हर्ट्झ यांनी हृदयाचा प्रतिध्वनी टिपला. मग रंगीत पडदे आले, ‘जनक’ ठरले, कथा संपली.

सनावळी बरोबर आहे आणि प्रसंगही रंजक आहेत. हर्ट्झने माल्मोच्या गोदीतून धातूमधील भेगा शोधण्याचे यंत्र शनिवार-रविवारपुरते मागून आणले होते; पुढे सीमेन्स कंपनीकडून मिळालेल्या यंत्रावर २९ ऑक्टोबर १९५३ रोजी हलत्या हृदयाची नोंद झाली. हेलमुटचे वडील गुस्ताव्ह हर्ट्झ नोबेल विजेते, आणि त्या वडिलांचे काका म्हणजे हाइनरिख हर्ट्झ, ज्यांच्या नावाने आज वारंवारता मोजली जाते. घराण्यांच्या इतिहासात रमणाऱ्याला मोह पडावा असाच हा योग आहे.

परंतु या कथेत यंत्र पुढे पुढे सरकत राहते आणि रुग्ण मात्र खाटेवरून हलत नाही. एडलरला झडप अरुंद झालेल्या रुग्णांची शस्त्रक्रियेपूर्वी पारख करायची होती. त्याचा प्रश्न रास्त होता. तरी तो खाटेवरच्या हृदयाचा प्रश्न होता. धावत्या हृदयाची कथा वेगळ्या वाटेने आली आहे, आणि ती सांगताना कुत्रे व घोडे पुढे येतात, शास्त्रज्ञ मागे.

३/
आरंभ १८७० मध्ये, जर्मनीतील व्युर्ट्सबुर्ग येथे. आडोल्फ फिक या शरीरशास्त्रज्ञाने एक अत्यंत साधी युक्ती मांडली. एखाद्या गावात दिवसाला १०० पोती धान्य खपते आणि प्रत्येक गाडी ५ पोती उतरवून जाते, एवढे ठाऊक असेल तर गाड्यांच्या २० फेऱ्या होतात हे वेशीवर उभे न राहताही सांगता येते. शरीर मिनिटाला २५० मिलिलिटर ऑक्सिजन वापरते, आणि प्रत्येक लिटर रक्त जाताना २०० व परतताना १५० मिलिलिटर ऑक्सिजन वाहते. म्हणजे लिटरमागे ५० उतरला. २५० भागिले ५०, उत्तर ५ लिटर.

अडचण एकच होती. परतणारे रक्त हवे ते थेट हृदयाच्या उजव्या कप्प्यातले, सगळ्या शरीरातून फिरून एकत्र मिसळलेले. जिवंत माणसाच्या हृदयातून ते काढायचे कसे? फिकचे सूत्र माणसाच्या बाबतीत अनेक दशके कागदावरच राहिले.

४/
घोड्याच्या बाबतीत तसे नव्हते. बर्लिनच्या कृषी महाविद्यालयात नाथान त्सुंट्स याने जनावरांसाठी चालता पट्टा, म्हणजे ट्रेडमिल, उभारला होता. जनावर किती काम करते आणि त्यासाठी किती खाते, हा तेथला शेतकी हिशेब. त्सुंट्स आणि हागेमान यांनी १८९८ मध्ये फिकची युक्ती घोड्यावर वापरून विश्रांतीच्या आणि श्रमाच्या अशा दोन्ही अवस्थांतील रक्तप्रवाह मोजला. शारीरिक श्रमाला माणसाच्या आधी घोड्याच्या हृदयाने साक्ष दिली, ती अशी.

(त्याच १८९८ साली विश्वनाथ काशिनाथ राजवाडे यांचा ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’चा पहिला खंड निघाला आणि पानिपताविषयीच्या बखरी समकालीन पत्रांपुढे कशा तोकड्या पडतात हे मराठी वाचकांनी पाहिले. दोन घटनांचा परस्परांशी काडीचाही संबंध नाही. तरी साधनाची परिस्थिती तपासण्याचा आग्रह दोन्हीकडे एकाच वर्षी दिसावा, याची नोंद करण्याचा मोह आवरत नाही.)

५/
माणसापर्यंत वाट काढली ती डेन्मार्कने. १९१२ मध्ये कोपनहेगनच्या ऑगस्ट क्रोग आणि योहानेस लिंडहार्ड यांनी रक्त काढण्याची अट बाजूला ठेवून नायट्रस ऑक्साइड, म्हणजेच हसवणारा वायू, श्वासावाटे दिला आणि फुप्फुसांतून तो किती वेगाने रक्तात शोषला जातो यावरून प्रवाह काढला. सायकल मारणाऱ्या माणसाचे हृदय किती रक्त ढकलते, हे यामुळे प्रथमच अंदाजता आले. पद्धत नाजूक होती, श्वास ठरावीक लयीत घ्यावा लागे, आणि एका मापनातून एकच आकडा मिळे. ठोक्यामागून ठोका काय घडते, हे त्यात दिसणे शक्य नव्हते.

वेर्नर फोर्समान याने १९२९ मध्ये एबर्सवाल्डे येथे स्वतःच्या हाताच्या शिरेतून हृदयापर्यंत नळी सरकवली, ती कथा अनेकदा सांगून झाली आहे. पुन्हा सांगण्याचे कारण नाही. तिचे फळ पुढे न्यूयॉर्कमध्ये कुर्नां आणि रिचर्ड्‌स यांच्या हाती आले, आणि १९५६ चे नोबेल तिघांना विभागून मिळाले. फिकचे सूत्र अखेर माणसावर उतरले. ते आजही कसोटीचे माप मानले जाते. मात्र हृदयात नळी घातलेला माणूस धावत नाही. त्याला मेजावर आडवे ठेवून पायांनी पेडल मारायला लावत, आणि अशा मापनांतून व्यायामाच्या शरीरशास्त्राचा मोठा भाग रचला गेला.

६/
याच सुमारास दुसरीकडे एक नियम पाठ्यपुस्तकांत पक्का बसला होता. जर्मनीचा ओटो फ्रांक आणि इंग्लंडचा अर्नेस्ट स्टार्लिंग यांच्या नावाने तो ओळखला जातो : हृदय जितके अधिक भरेल, ताणले जाईल, तितक्या जोराने ते आकुंचन पावेल. स्टार्लिंग आणि सहकाऱ्यांचे १९१४ मधील प्रयोग कुत्र्यांवरचे. भूल दिलेली, छाती उघडलेली, हृदय आणि फुप्फुसे उरलेल्या शरीरापासून व चेतातंतूंच्या हुकमतीपासून तोडलेली. त्या मांडणीत नियम चोख उतरला.

मग व्यायामाचे स्पष्टीकरणही आपोआप तयार झाले. धावताना स्नायू पिळले जातात, शिरांतून अधिक रक्त हृदयाकडे परतते, हृदय अधिक भरते, म्हणून दर ठोक्याला अधिक रक्त बाहेर टाकते. तर्क सुबक आहे. धावणारे हृदय मात्र त्या तर्काच्या कर्त्यांपैकी कोणी प्रत्यक्ष पाहिले नव्हते.

७/
ते पाहण्याचा हट्ट धरला सिएटलच्या रॉबर्ट रशमर याने. वॉशिंग्टन विद्यापीठातील या शरीरशास्त्रज्ञाला भूल दिलेल्या जनावराच्या हृदयावर भरवसा नव्हता. डीन फ्रँकलिन आणि इतर अभियंत्यांना सोबत घेऊन १९५६ पर्यंत त्याने असे साधन घडवले की कुत्र्याच्या हृदयाच्या डाव्या निलयावर समोरासमोर दोन चिमुकले स्फटिक बसवावेत, एकाने श्राव्यातीत ध्वनीचा स्पंद सोडावा, दुसऱ्याने तो ऐकावा, आणि पोहोचण्यास लागलेल्या वेळावरून निलयाचा व्यास क्षणोक्षणी कळावा. ऊतींमधून ध्वनी सेकंदाला सुमारे १५४० मीटर जातो. म्हणजे ४ सेंटिमीटरचे अंतर तो सेकंदाच्या सुमारे ४० हजाराव्या भागात कापतो. एवढा अल्प काळ मोजू शकणारी यंत्रे महायुद्धाच्या रडारांनी नुकतीच शक्य केली होती.

स्फटिक बसवायचे, जखम भरू द्यायची, कुत्रा पूर्ववत खाऊ-खेळू लागला की त्याला ट्रेडमिलवर धावू द्यायचे. कोठेही भूल नाही, छाती बंद. त्या कुत्र्यांना हा सौदा कोणी विचारला नव्हता, हेही येथे लिहिले पाहिजे.

८/
निकालाने खळबळ उडाली. धावताना निलय पुस्तकात लिहिल्याप्रमाणे फुगला नाही. ठोक्यांची संख्या झपाट्याने वाढली, आकुंचनाचा वेग वाढला; दर ठोक्यामागे बाहेर पडणारे रक्त मात्र जवळजवळ तेवढेच राहिले. १९५९ मध्ये रशमरने श्रमाच्या काळात दर ठोक्याचे रक्त स्थिर राहते, असे मथळ्यातच म्हणणारा शोधनिबंध प्रसिद्ध केला. पुढे त्याच्या गटाने मेंदूच्या खोल भागाला विद्युत उत्तेजना दिली, तेव्हा जागचा न हललेल्या कुत्र्याचे हृदयही धावत्या कुत्र्यासारखे वागले. म्हणजे हुकूम केवळ परतणाऱ्या रक्ताकडून येत नव्हता, वरूनही येत होता.

स्टार्लिंग खोटा ठरला का? तसे मुळीच नाही. पुढील संशोधनात दिसले की श्रम फार तीव्र झाले की हृदय अधिक भरण्याची यंत्रणाही हातभार लावते. मग रशमर चुकला का? तेही नाही.

९/
येथे या साऱ्या प्रकरणाची गुरुकिल्ली आहे, आणि ती कोणत्याही यंत्रात सापडत नाही. कुत्रा चार पायांवर असतो. त्याचे हृदय आणि शरीराचा मोठा भाग जवळपास एकाच पातळीवर. माणूस उभा राहतो, तेव्हा रक्त पायांत साचते, हृदय कमी भरते आणि दर ठोक्याचे रक्त घटते. स्टॉकहोममध्ये बेवेगोर्ड, होल्मग्रेन आणि यॉनसन यांनी १९६० मध्ये एकाच माणसाला आडवे व बसते ठेवून मोजले, तेव्हा फरक स्पष्ट झाला. उभा किंवा बसलेला माणूस व्यायाम करू लागला की पायांचे स्नायू साचलेले रक्त वर ढकलतात, आणि दर ठोक्याचे रक्त चांगलेच वाढते. आडव्या माणसात ते आधीच कमाल पातळीच्या जवळ असते. तेथे वाढीला फारशी जागा उरत नाही.

म्हणजे व्यायामात दर ठोक्याचे रक्त वाढते का, या प्रश्नाला दोन परस्परविरुद्ध उत्तरे मिळाली आणि दोन्ही प्रामाणिक होती. साक्षीदार वेगवेगळ्या अवस्थेत उभे होते, किंवा निजलेले होते, एवढेच. वर्षानुवर्षे वाद सिद्धान्ताचा वाटत होता. बराचसा वाद साधनचिकित्सेचा होता.

१०/
तोवर ध्वनीच्या वापराला दुसरी वाट फुटली होती. जपानमध्ये ओसाका येथे शिगेओ सातोमुरा याने १९५० च्या दशकाच्या मध्यावर हृदयाच्या दिशेने श्राव्यातीत ध्वनी सोडून, परतणाऱ्या ध्वनीच्या वारंवारतेतला फरक टिपला. हलत्या भिंती आणि झडपा यांच्यामुळे पडणारा हा फरक, म्हणजे शंभर वर्षांपूर्वीची डॉप्लरची कल्पना. त्याचा इंग्रजी निबंध १९५७ चा. पुढे रक्तवाहिन्यांवर तोच प्रयोग करताना त्याला वाहत्या रक्ताचाच आवाज मिळाला. हा आवाज रक्तातील खळबळीमुळे येतो, असे त्याचे मत होते. तो रक्तपेशींवरून विखुरलेल्या ध्वनीचा असतो हे नंतर उलगडले. सातोमुरा १९६० मध्ये, चाळिशी नुकतीच ओलांडलेली असताना, वारला. ‘जनकां’च्या याद्यांत त्याचे नाव क्वचितच येते. इतिहास सांगणाऱ्यांचा युरोपकडे असलेला जुना कल, यापलीकडे त्याला कारण दिसत नाही.

सिएटलमध्ये फ्रँकलिन, श्लेगल आणि रशमर यांनी १९६१ मध्ये रक्तपेशींवरून परतलेल्या ध्वनीच्या वारंवारतेवरून प्रवाह मोजण्याची पद्धत प्रसिद्ध केली. गणित सोपे आहे. २ दशलक्ष हर्ट्झचा ध्वनी सोडला आणि रक्त सेकंदाला १ मीटर वेगाने यंत्राकडे येत असेल, तर परतणाऱ्या ध्वनीत सुमारे २६०० हर्ट्झचा फरक पडतो. हा आकडा मानवी कानाच्या टप्प्यात अगदी मध्यावर बसतो. त्यामुळे श्राव्यातीत ध्वनीने मोजलेला रक्तप्रवाह साध्या ध्वनिक्षेपकावर ऐकू येतो : दर ठोक्याला वर चढणारी आणि विरणारी एक फुस्‌ अशी शीळ. प्रयोगशाळेत हे प्रथम ऐकणाऱ्यांना काय वाटले असेल, याची कल्पना करता येते.

११/
या पद्धतीची परीक्षा कुठे झाली, तर अलास्काच्या बर्फात. व्हॅन सिटर्स आणि फ्रँकलिन यांनी बर्फगाडी ओढणाऱ्या कुत्र्यांच्या शरीरात प्रवाह व दाब मोजणारी साधने बसवली आणि त्यांच्या खुणा बिनतारी संदेशाने टिपल्या. निबंध १९६९ मध्ये आला. कुत्रा आपल्या जुंपणीत, आपल्या जोडीदारांसोबत, आपल्या हवामानात धावत होता. १८७० मधील फिकचे सूत्र आणि हे दृश्य यांत जेमतेम एका शतकाचे अंतर आहे, तरी मनोवृत्तीचा फरक केवढा! प्रयोगशाळा धावणाऱ्याच्या मागे गेली होती.

१२/
माणसाच्या छातीत स्फटिक बसवता येत नाहीत, म्हणून त्याच्याबाबत बाहेरूनच ऐकावे लागते. ब्रिटनमध्ये एल. एच. लाइट याने १९६९ मध्ये दाखवले की गळ्याच्या तळाशी, छातीच्या मधल्या हाडाच्या वर जो खळगा लागतो, तेथे यंत्राचे टोक टेकवून महाधमनीतील प्रवाह टिपता येतो. सुई नाही, नळी नाही, किरणोत्सर्ग नाही. माणूस सायकलवर बसलेला असला तरी चालते.

आता या पद्धतीची दुखरी बाजू, कारण ती लपवून तिची थोरवी सांगण्यात अर्थ नाही. दर ठोक्याला रक्ताचा स्तंभ किती पुढे सरकला, हे डॉप्लरवरून कळते. समजा २० सेंटिमीटर. महाधमनीचा व्यास २ सेंटिमीटर असेल, तर तिचा छेद ३.१४ चौरस सेंटिमीटर, आणि दर ठोक्याचे रक्त सुमारे ६३ मिलिलिटर. मिनिटाला ७० ठोके धरले, तर ४.४ लिटर. आता व्यास मोजताना फक्त २ मिलिमीटरची चूक झाली आणि तो २.२ सेंटिमीटर धरला, तर छेद ३.८० होतो आणि उत्तर ५.३ लिटरांवर जाते. काटा जरासा हलला आणि जवळजवळ १ लिटर रक्त हवेतून निर्माण झाले! ध्वनीची दिशा आणि प्रवाहाची दिशा यांत २० अंशांचा कोन पडला तर वेग ६ टक्के कमी दिसतो. ६० अंशांचा पडला तर निम्माच. आणि धावणारा माणूस धापा टाकतो, छाती वर-खाली होते, खांदे हलतात, यंत्र धरलेला हात घसरतो. म्हणजे ही पद्धत नेमकी जेथे हवी, तेथेच सर्वांत डळमळीत आहे.

यावरून अनेकांनी तिला दुय्यम ठरवले. शुद्ध आकड्याच्या दृष्टीने ते चूक नाही. परंतु दरबारात बसून सावकाश लिहिलेला सुबक वृत्तान्त आणि छावणीतून घाईने धाडलेले, शाई सांडलेले पत्र यांपैकी लढाई कशी झाली हे कोणाला विचारावे, याचे उत्तर मराठी इतिहासाच्या वाचकाला सांगण्याची गरज नाही. पत्रात तपशिलाच्या चुका असतात. त्या ओळखून, दुरुस्त करून वाचाव्या लागतात. तरी पत्र लढाईच्या दिवसाचे असते. शिवाय एकाच माणसातील बदल पाहायचा असेल, तर व्यासाची चूक आधीच्या व नंतरच्या आकड्यांत बरीचशी सारखीच राहते; बदलाची दिशा आणि प्रमाण विश्वासार्ह उरते.

१३/
१९८१ मध्ये अमेरिकेतील आल्बुकर्कच्या लव्हलेस संस्थेतून लेप्की आणि सहकाऱ्यांचा एक निबंध आला : उभ्या आणि आडव्या अशा दोन्ही स्थितींतील व्यायामात स्पंदित डॉप्लरने दर ठोक्याचे रक्त, ठोक्यागणिक मोजलेले. मथळ्यातच दोन्ही स्थिती आहेत. जो प्रश्न तीस वर्षे दोन वेगवेगळ्या साक्षीदारांना विचारला जात होता, तो आता एकाच माणसाला, त्याची कातडीही न कापता, दोन्ही अवस्थांत विचारता येत होता.

या निबंधाच्या लेखकांत शेवटचे नाव उलरिख लुफ्ट याचे आहे, आणि तेथे थोडे थांबले पाहिजे. १९३७ मध्ये नंगा पर्बतावर जर्मन मोहिमेचा एक तळ हिमस्खलनाखाली गाडला गेला आणि १६ माणसे मेली, त्यांत ९ शेर्पा होते. मोहिमेचा शरीरशास्त्रज्ञ लुफ्ट त्या रात्री खालच्या तळावर होता, म्हणून वाचला; वर गेल्यावर त्याला फक्त बर्फ दिसले. पुढे त्याने बर्लिनमध्ये लष्करी विमानविद्येसाठी संशोधन केले, आणि युद्धानंतर जर्मन शास्त्रज्ञांना उचलून नेणाऱ्या अमेरिकी योजनेतून तो तिकडे पोहोचला. अमेरिकेच्या पहिल्या अंतराळवीरांची निवड करताना लव्हलेसमध्ये ज्या कसून चाचण्या झाल्या, त्यांतही त्याचा हात होता. श्रमाच्या शरीरशास्त्राचा इतिहास निरागस नाही. पर्वत, सैन्य आणि अंतराळ यांनी त्याला पैसा पुरवला. दमलेल्या गृहिणीने किंवा हमालाने नव्हे.

अंतराळाचे निघालेच आहे, तर एक नोंद : १९८२ मध्ये फ्रेंच अंतराळवीर जाँ-लू क्रेतियँ याच्यासोबत हृदयाचे प्रतिध्वनिचित्र काढणारे यंत्र सोव्हिएत सल्यूत ७ स्थानकावर गेले. आडवे, उभे या शब्दांनाच जेथे अर्थ नाही, अशा ठिकाणचे हृदय त्यातून पाहायला मिळाले.

१४/
गृहिणीचा उल्लेख ओघात आलेला नाही. लहानपणीच्या संधिवातज्वराने हृदयाची एक झडप अरुंद होते. भारतात हा आजार अजूनही आढळतो आणि झडप अरुंद झालेल्या रुग्णांत स्त्रियांचे प्रमाण अधिक असते. अशा स्त्रीची तक्रार काय असते? पाण्याची कळशी घेऊन जिना चढताना धाप लागते. तिची तपासणी कुठे होते? खाटेवर, स्वस्थ पडलेली असताना.

नॉर्वेच्या त्रोन्धेइममध्ये लिव्ह हाटले आणि अभियंता ब्यर्न आंगेल्सेन यांनी १९७० च्या दशकात डॉप्लरच्या वेगावरून झडपेच्या दोन्ही बाजूंच्या दाबातील फरक काढण्याची रीत रुग्णालयात रुजवली. सूत्र असे की मीटरमधील वेगाचा वर्ग करावा आणि ४ ने गुणावे. वेग १.५ असेल तर फरक ९ मिलिमीटर पारा, वेग २.५ झाला तर २५. वेग दीडपटीहून थोडा अधिक वाढला आणि दाब जवळजवळ तिप्पट झाला. श्रमात ठोके जलद होतात, रक्ताला त्याच अरुंद दारातून कमी वेळात जावे लागते, आणि फुप्फुसांकडे दाब तुंबतो. विश्रांतीत साधारण वाटलेली झडप अशा वेळी आपले खरे रूप दाखवते.

ही स्त्री बहाणे करत नव्हती; तिचा पुरावा जिन्यावर होता आणि चौकशी खाटेवर चालली होती. अल्ट्रासाऊंडच्या इतिहासात कोणता शोध थोर, असा वाद घालायचा असेल, तर यंत्राच्या पडद्यावर रंग आले त्या दिवसापेक्षा पेडल मारणाऱ्या रुग्णाच्या छातीवर प्रथम यंत्र टेकवले गेले, तो दिवस अधिक थोर मानावा लागतो. त्याचा पुतळा नाही, कारण त्याची नेमकी तारीखही नाही. तो अनेक ठिकाणी, अनेक हातांनी, थोडा थोडा घडला.

१५/
महाराष्ट्राचा या यंत्राशी असलेला संबंध निराळा आणि कडू आहे. गर्भलिंगनिदानाला आळा घालणारा कायदा देशात सर्वप्रथम १९८८ मध्ये याच राज्याने केला. केंद्राचा कायदा १९९४ चा. गर्भ पाहू शकणारे कोणतेही यंत्र नोंदणीशिवाय ठेवता येत नाही, आणि हृदयरोगतज्ज्ञाचे इको यंत्रही त्यातून सुटत नाही. सहज उचलून नेता येणाऱ्या यंत्रांवरची बंधने तर आणखी कडक आहेत. परदेशात खेळाडूच्या मागे मैदानावर जाणारे छोटे यंत्र येथे नोंदलेल्या जागेबाहेर काढणे कायद्याच्या दृष्टीने गंभीर गोष्ट ठरू शकते.

कायदा चुकीचा आहे, असे यातून सुचवायचे नाही. त्याची गरज याच समाजाने निर्माण केली. मात्र जे साधन धावत्या शरीरापाशी जाऊ शकते म्हणून मोलाचे, तेच येथे पुन्हा चार भिंतींत बांधावे लागले, आणि ते बांधणाऱ्या गाठीत न जन्मलेल्या मुलींचा इतिहास आहे, हे तंत्रज्ञानाच्या गौरवगाथांत येत नाही.

१६/
शेवटी, अनेकांच्या घरात वडिलांच्या किंवा आजोबांच्या कागदपत्रांत सापडणारा एक अहवाल. ‘टू-डी इको’ सर्वांना ठाऊक असतो. त्याच्यासोबत कधी ‘स्ट्रेस इको’ लिहिलेले असते. ट्रेडमिलवर चालवण्याची प्रचलित रीत रॉबर्ट ब्रूस याची, १९६३ मधील. तोही सिएटलचाच, रशमरच्याच विद्यापीठातला. दर ३ मिनिटांनी पट्ट्याचा वेग आणि चढ वाढत जातो.

काही ठिकाणी तिरप्या मेजावर पाठ टेकवून पेडल मारायला लावतात आणि त्याच वेळी चित्रे घेतात. जेथे ट्रेडमिल वापरतात, तेथे मात्र धावत्या माणसाच्या छातीवर यंत्र स्थिर राहत नाही. म्हणून पट्टा थांबला की रुग्णाला घाईघाईने खाटेवर नेतात, डाव्या कुशीवर आडवे करतात आणि ६० ते ९० सेकंदांच्या आत चित्रे घेऊन टाकतात. तंत्रज्ञ ‘श्वास रोखा’ म्हणतो. धापा टाकणाऱ्या माणसाला तो रोखता येत नाही. तोवर ठोके उतरू लागलेले असतात.